पडद्यावर कांहीं नाहीं !

गेल्या महिन्यांत एका रविवारीं दुपारीं आमच्या घरीं एक लहानसा तंटा झाला. तंट्याचें कारण पैसा नव्हता, वाटणी नव्हती, कीं आमटींतलें मीठहि नव्हतें. तें होतें धुकें. धाकट्या बंधूंची कन्या पुण्यास चित्रपट-संकलनाचें शिक्षण घेते. ती सुटीस आली होती आणि येतांना अभ्यासाकरितां जमविलेले कांहीं लघुपट घेऊन आली होती. जेवणें आटोपल्यावर ते घरच्या मोठ्या दूरदर्शन-संचावर सर्वांना दाखवावेत असा तिचा बेत होता. "हे नेहमींसारखे नाहींत हं," असें तिनें आधींच बजावलें होतें. तरीहि आमचे ज्येष्ठ बंधु, म्हणजे दादा, आरामखुर्चींत टेकले; वहिनी व आमच्या सौभाग्यवती सतरंजीवर बसल्या; मुलें पुढें सरकलीं आणि सूनबाई एक डोळा चुलीवरच्या दुधाकडे ठेवून स्वयंपाकघराच्या दाराशीं उभ्या राहिल्या.

पहिला लघुपट लॅरी गॉटहाइम नांवाच्या अमेरिकन गृहस्थांचा होता. साल १९७०, नांव 'फॉग लाइन', लांबी अकरा मिनिटें. एका कुरणासमोर त्यांनीं कॅमेरा रोवून ठेवला आणि मग त्याला हात लावला नाहीं. कॅमेरा वळत नाहीं, पुढें सरकत नाहीं. संवाद नाहींत, संगीत नाहीं, मुळीं आवाजच नाहीं. आरंभीं पडद्यावर दिसतें तें केवळ हिरवट पांढरें धुकें. तें इतकें सावकाश विरळ होत जातें कीं, अमुक एका क्षणीं तें विरलें असें कोणालाहि सांगतां येऊं नये.

दुसऱ्या मिनिटाला दादांनीं विचारलें, "अगं, यंत्र बिघडलें कीं काय?" चौथ्या मिनिटाला वहिनींनीं वाती वळावयास घेतल्या. मी शिक्षकी पेशांत आयुष्य काढलेला मनुष्य. परीक्षेच्या वर्गावर तीन तीन तास निमूट बसण्याची मला संवय. पण खरें सांगतों, माझीहि चुळबूळ सुरू झाली होती. एव्हांना पडद्यावर झाडांचे काळसर पुंजके उमटूं लागले होते व आडव्या गेलेल्या तारा दिसूं लागल्या होत्या. इतक्यांत आमची सहा वर्षांची नात ओरडली, "आजोबा, घोडा !" मीं डोळे ताणून पाहिलें, मला घोडा दिसेना. "तो काय, खालीं ! आणि तो दुसरा !" मग दिसले. पडद्याच्या खालच्या भागांत, धुक्यांतून, दोन घोडे अगदीं संथपणें चरत चालले होते. चष्मा पुसून पुसून बसलेल्या आम्हां वडील मंडळींपैकीं एकालाहि ते आधीं दिसले नव्हते.

चित्र संपल्यावर दादांनीं निकाल दिला : "ह्याला चित्रपट म्हणावयाचें तर आमच्या न्हाणीघरांतल्या आरशाला काय म्हणावें? त्यावरचीहि वाफ रोज सकाळीं अशीच जाते."

त्यावर पुतणी हळूच म्हणाली, "दादाकाका, ती जातांना तुम्हीं कधीं पाहिली आहे का?"

दादा कांहीं बोलले नाहींत. बोलल्या त्या सूनबाई. त्या म्हणाल्या, "मला तर बाई आवडलें. ह्या घरांत आल्यापासून अकरा मिनिटें मला कोणी हांक मारली नाहीं, असें आज पहिल्यांदाच झालें." सर्व हंसले. मीहि हंसलों, पण तें वाक्य मनांत राहिलें, आणि ह्या महिन्याचा लेख त्यांतूनच निघाला.

वाचकहो, प्रस्तुत लेखकाचें इंग्रजी शिक्षण मॅट्रिकपलीकडे गेलेलें नाहीं आणि चित्रकला वा चित्रपट ह्यांतील अधिकार तर शून्य. परंतु शून्याबद्दलच बोलावयाचें असल्यामुळें एवढें भांडवल पुरेसें आहे असें समजून चालतों. पुतणीला खोदून खोदून विचारलें, तिनें दिलेलें वाचलें, आणखी चारदोन लघुपट पाहिले, आणि आमच्या पाठशाळेंतल्या जुन्या घोकंपट्टीशीं तें सारें ताडून पाहिलें. त्यांतून जें हातीं लागलें तें येथें मांडतों.

प्रथम एक गोष्ट ध्यानांत घेतली पाहिजे. चित्रपटाची कला जन्मास आली तीच मुळीं साधी, उघडीवाघडी. सन १८९५ च्या डिसेंबरच्या २८ तारखेस पॅरिस येथें लुमिएर बंधूंनीं पैसे घेऊन लोकांना चित्रें दाखविलीं. प्रत्येक फीत सुमारें सतरा मीटर लांब आणि पन्नासेक सेकंदांत संपणारी. कॅमेरा एके जागीं उभा. पुढच्याच वर्षीं, ७ जुलै १८९६ रोजीं, मुंबईच्या वॉटसन हॉटेलांत हीं चलच्चित्रें आपल्याकडेहि दाखविण्यांत आलीं. त्यांच्या एका चित्रांत आईबाप आपल्या तान्ह्या मुलास भरवीत आहेत असें दृश्य आहे. असें सांगतात कीं, पाहणाऱ्यांना मुलापेक्षांहि नवल वाटलें तें मागें हलणाऱ्या झाडाच्या पानांचें. कोणी न हलवितां पानें हलत होतीं ! पुढें चित्रपटांत कथा आली, नट आले, वाणी आली, गाणीं आलीं, रंग आले. पडदा भरत गेला. आणि मागचीं पानें पाहण्याची प्रेक्षकाची संवय सुटत गेली. पडदा पुन्हां रिकामा करूं पाहणाऱ्या मंडळींचा सारा खटाटोप आहे तो ही सुटलेली संवय परत लावण्याचा.

दुसरी गोष्ट मला पुतणीनेंच सांगितली आणि तिचें मला फार आश्चर्य वाटलें. फितीवरचा चित्रपट सेकंदाला चोवीस चौकटी ह्या वेगानें चालतो. एक चौकट जाऊन दुसरी तिच्या जागीं येईपर्यंत यंत्रांतील एक फिरती पाकळी दिव्याचा उजेड अडवून धरते. असें करतां करतां जवळ जवळ निम्मा वेळ पडद्यावर अंधार असतो. आपल्या डोळ्यांना तो कळत नाहीं इतकेंच. म्हणजे फितीच्या काळीं आपण तीन तासांचा बोलपट पाहून, डोळे पुसत घरीं येत होतों, तेव्हां त्यांतील सुमारें दीड तास आपण अंधारच पाहत होतों ! आतां यंत्रें बदललीं आणि चित्रगृहांतून ती पाकळीहि गेली. पण गेल्या शतकांतील बहुतेक सर्व चित्रपट ह्या न दिसणाऱ्या अंधाराच्या आधारानेंच हालले. तबल्याच्या दोन बोलांमध्यें जागा नसेल तर ठेका उरत नाहीं, तसाच हा प्रकार.

ही लपलेली गोष्ट उघड्यावर आणली ती व्हिएन्नाच्या पीटर कुबेल्का ह्यांनीं. 'आर्नुल्फ रायनर' हा त्यांचा १९६० सालचा लघुपट. आपल्या एका चित्रकार स्नेह्याचें नांव त्यांनीं त्याला दिलें. त्यांत चित्र असें एकहि नाहीं. आहेत फक्त चार द्रव्यें : उजेड, अंधार, आवाज आणि निःशब्दता. चौकट एकतर पूर्ण पांढरी, नाहींतर पूर्ण काळी. चौकटींची संख्या ९२१६, आणि काल ६ मिनिटें २४ सेकंद. गणिताची आवड असणाऱ्या वाचकांनीं ताडून पाहावें : चोवीस गुणिलें चोवीस म्हणजे ५७६, आणि त्यांचे सोळा विभाग. ह्या गृहस्थांनीं अक्षरशः छंद बांधावा तसा हा पट बांधला आहे. लघु आणि गुरु ह्यांच्या जागीं काळें आणि पांढरें. वृत्तांतील अक्षरें काढून घ्यावीं आणि केवळ गण शिल्लक ठेवावे, तसें वाटतें. मात्र येथें एक सूचना करणें अवश्य आहे. अशा उघडझांपीच्या चित्रांनीं अपस्माराची व्यथा असणाऱ्यांस झटका येण्याचा संभव असतो. टोनी कॉनराड ह्यांचा 'द फ्लिकर' नांवाचा १९६६ चा अर्ध्या तासाचा पट ह्याच जातीचा आहे, आणि त्याच्या आरंभींच तसा इशारा दिलेला आहे. घरांत कोणास ती पीडा असल्यास ह्या वाटेस जाऊं नये.

ह्याहून एक पाऊल पुढें गेले ते नाम जून पाइक. हे जन्मानें कोरियन. १९६४ च्या सुमारास त्यांनीं 'झेन फॉर फिल्म' म्हणून एक कृति केली. तींत काळें-पांढरेंहि नाहीं. नुसती कोरी, पारदर्शक फीत यंत्रांतून फिरत राहते आणि पडद्यावर उजेडाचा एक चौकोन पडतो. बस्स. 'झेन' हा शब्द आपल्या घरचाच आहे हें येथें सांगितल्यावांचून राहवत नाहीं. संस्कृत ध्यान, पालींत झान, चीनमध्यें गेल्यावर चान, आणि जपानांत पोंचल्यावर झेन. आपली लेक दोन देशांत नांदून, नांव बदलून, तिसऱ्याच देशांतील चित्रपटाच्या मथळ्यावर भेटावी, तसें मला झालें. पण ह्या कोऱ्या फितींत पाहावयाचें तें काय? तर धूळ ! फीत जितकेदां फिरेल तितकेदां तिच्यावर धुळीचे कण बसतात, बारीक चरे पडतात, आणि ते पडद्यावर दिसूं लागतात. म्हणजे पट रोज तोच, तरीहि रोज निराळा. आणि त्याला जसजसें वय चढतें तसतसें त्यांत अधिक कांहीं दिसतें. आम्हां निवृत्त लोकांना ही कल्पना आवडल्यास नवल नाहीं.

पाइक ज्यांना गुरुस्थानीं मानीत ते संगीतकार जॉन केज. केज ह्यांची १९५२ सालची एक रचना प्रसिद्ध आहे. त्या वर्षीं २९ ऑगस्ट रोजीं न्यूयॉर्क राज्यांत वुडस्टॉक गांवाजवळच्या एका लांकडी सभागृहांत डेव्हिड ट्यूडर हे वादक पियानोपाशीं येऊन बसले, झांकण मिटलें, उघडलें, आणि ४ मिनिटें ३३ सेकंद एकहि सूर न वाजवितां उठले. पुढें केज सांगत कीं, त्या अवधींत बाहेरचा वारा ऐकूं आला, छपरावर पावसाचे थेंब वाजले, आणि शेवटीं लोकांची कुरकुर ऐकूं आली. ह्या केज ह्यांनीं १९४६ च्या सुमारास अहमदाबादच्या गीता साराभाई ह्यांच्याकडून भारतीय संगीताचे आणि तत्त्वविचाराचे धडे घेतले होते. तेव्हां 'हीं सारीं पाश्चात्त्यांचीं खुळें' असें म्हणून हात झटकण्याची सोयहि आपणांस राहिलेली नाहीं.

आतां मुख्य प्रश्न. "पडद्यावर कांहीं नाहीं" असें जेव्हां दादा म्हणाले, तेव्हां त्यांनीं काय सांगितलें? येथें मला पाठशाळेंतल्या तर्कसंग्रहाची आठवण झाली. आपल्याकडील वैशेषिकांनीं आधीं जगांतील पदार्थ सहा मानले. पुढच्यांनीं त्यांत सातवा घातला, तो 'अभाव'. नसणें हाहि एक पदार्थ आहे, हें म्हणणें लहानपणीं आम्हांला थट्टेचें वाटे. पण त्यांतील मर्म असें कीं, नुसता अभाव असा कधींच नसतो. अभाव नेहमीं कशाचा तरी असतो आणि कोठें तरी असतो. जमिनीवर घट नाहीं, असें म्हटलें म्हणजे घट हा त्या अभावाचा प्रतियोगी आणि जमीन हें त्याचें अधिकरण. ज्याला घट ठाऊकच नाहीं त्याला घटाचा अभावहि कळणार नाहीं. आणि दुसरें असें कीं, घट तेथें नसतो तेव्हांच, तो ज्या जमिनीवर असावयाचा ती जमीन आपल्या डोळ्यांत भरते.

ही किल्ली लावून पाहिली आणि मला त्या कुलुपबंद लघुपटांचीं दारें एकामागून एक उघडतांना दिसलीं. गॉटहाइम ह्यांच्या धुक्यांत कुरणाचा जो अभाव आहे तो प्रागभाव. वस्तु प्रकट होण्यापूर्वींचें नसणें. विरजण लावून झांकून ठेवलेल्या दुधांत दह्याचा असतो तसा. त्याला अंत आहे, म्हणून आपण वाट पाहतों. आणि वाट पाहण्यानेंच आपले डोळे तयार होतात. कुबेल्का ह्यांच्या पटांत चित्राचा अत्यंताभाव आहे. वाऱ्याला रूप नसावें तसें. तें तेथें येणारच नाहीं, हें एकदां मनानें मान्य केलें कीं नुसत्या उजेडाचा ताल ऐकूं येऊं लागतो. पाइक ह्यांच्या कोऱ्या फितींत चित्ररूपी घट उचलून नेलेला आहे, म्हणून जमीन दिसते. त्या फितीची, यंत्राची, धुळीची, आणि खोलींत बसलेल्या आपलीहि जाणीव होते.

राहिला प्रध्वंसाभाव; वस्तु होऊन गेल्यावरचें नसणें. त्याचें उदाहरण मुंबईंतलेंच आहे. आपल्या देशांतील नामांकित चित्रकार अकबर पदमसी ह्यांना १९६९ मध्यें नेहरू शिष्यवृत्ति मिळाली. त्या पैशांतून त्यांनीं मुंबईंत चित्रकार, छायाचित्रकार व चित्रपटकार ह्यांना एकत्र काम करतां यावें म्हणून एक कार्यशाळा काढली, आणि तेथें 'सिझिजी' नांवाचा एक मूक लघुपट केला. त्यांत माणूस नाहीं, कथा नाहीं. केवळ रेषा आणि बिंदु ह्यांची मांडणी बदलत जाते. त्यांनीं 'इव्हेंट्स इन ए क्लाउड चेंबर' नांवाचा आणखी एक लघुपट केला होता. त्याची फीत हरवली, ती कायमचीच. पुढें २०१६ मध्यें आशिम अहलुवालिया ह्यांनीं त्या हरवलेल्या पटाचा माग काढीत, वृद्ध पदमसींना बोलतें करून, त्याच नांवाचा एक नवा पट केला. पदमसी २०२० मध्यें निवर्तले. नाहींशा झालेल्या वस्तूवर उभी असलेली ही कृति आहे. पण तिचा प्रतियोगी इतका स्पष्ट आहे कीं तिला रिकामी म्हणवत नाहीं.

येथपर्यंत लिहून झालें आणि मला एक जुनी गोष्ट आठवली. ती सांगावी कीं न सांगावी ह्या विचारांत दोन दिवस गेले. पण ह्या सदरांतून मुलांना कसें वागवावें ह्याविषयीं मीं आजवर पुष्कळ उपदेश केला आहे. तेव्हां स्वतःचा एक अपराध लपवून ठेवणें बरें नव्हे.

नोकरीला लागून मला दोनतीन वर्षें झालीं असतील. चित्रकलेचे शिक्षक रजेवर होते म्हणून त्यांच्या तासाला मी वर्गावर गेलों. मला त्या विषयांतलें कांहीं येत नव्हतें. फळ्यावर 'माझें गांव' असें लिहिलें आणि मुलांना चित्र काढावयास सांगून मी वह्या तपाशीत बसलों. तास संपतां संपतां कागद गोळा केले. देऊळ, पिंपळ, विहीर, डोंगरांतून उगवणारा सूर्य, असें जें असावयाचें तें सर्वांच्या कागदांवर होतें. एका मुलानें मात्र सबंध कागद निळ्या रंगानें भरून काढला होता. कांठापासून कांठापर्यंत निळा. दुसरी रेघ नाहीं. रंगाची वडी संपलेली, बोटें निळीं झालेलीं. मीं विचारलें, "गांव कोठें आहे?" तो म्हणाला, "हेंच आहे, गुरुजी." वर्ग हंसला. मला वाटलें, पोरगें थट्टा करतें आहे. मीं कागदावर फुली मारली, रंग फुकट घालविल्याबद्दल चार शब्द सुनावले, आणि कागद परत दिला. त्यानें त्याची चौघडी घातली आणि सदऱ्याच्या खिशांत ठेवली. तो रडला नाहीं.

पुढें कित्येक महिन्यांनीं, बोलतां बोलतां, दुसऱ्या एका शिक्षकांकडून मला कळलें कीं त्या मुलाचें गांव धरणाच्या पाण्याखालीं गेलें होतें. तो लहान असतांनाच. घरचीं माणसें सामान गाडींत घालून उठलीं, आणि मागून पाणी चढलें.

वाचकहो, त्या मुलानें जें जसें होतें तसें काढलें होतें. त्याच्या कागदावर गांवाचा अभाव होता, आणि त्या अभावाचा प्रतियोगी त्याला पक्का ठाऊक होता. घर, अंगण, गोठा, सारें कांहीं. ठाऊक नव्हता तो मला. सबंध वर्गांत खरें चित्र एकच होतें आणि फुली मीं त्याच्यावर मारली. रोज वर्गांत अभावाचे चार प्रकार पढविणारा मी. पण अभाव कागदावर समोर आला तेव्हां मला ओळखतां आला नाहीं.

पुतणीजवळ ही गोष्ट बोललों तेव्हां तिनें मला डेरेक जार्मन ह्यांच्या 'ब्लू' ची हकीगत सांगितली. हा लघुपट नव्हे. चांगला ७९ मिनिटांचा आहे, १९९३ सालचा. जार्मन हे इंग्रज दिग्दर्शक. एड्सच्या व्याधीनें त्यांची दृष्टि जात चालली होती. अशा स्थितींत त्यांनीं जो पट केला त्यांत आरंभापासून अखेरपर्यंत पडदा एकाच गडद निळ्या रंगाचा आहे. कानीं पडतात ते फक्त आवाज, रोजनिशींतल्या नोंदी, रुग्णालयांतल्या आठवणी. पुढच्याच वर्षीं, १९९४ च्या फेब्रुवारींत, ते वारले. पुतणीनें थोडा भाग लावून दाखविला. मला तो फार वेळ पाहवला नाहीं. त्या निळ्याकडे पाहतांना मला दुसराच निळा दिसत होता.

आतां कोणी म्हणेल कीं, मग कोणीहि उठावें, कोरा पडदा दाखवावा आणि त्याला कला म्हणावें ! दादांची मुख्य हरकत हीच आहे आणि ती खोटी नाहीं. कोरेपणाआड आळस लपूं शकतो, ढोंगहि लपूं शकतें. परीक्षेंत कोरी उत्तरपत्रिका देणारा प्रत्येक विद्यार्थी कांहीं महाकवि नसतो, हें मी अनुभवानें सांगतों. केव्हां केव्हां तर प्रेक्षकाला डिंवचणें हाच हेतु असतो. फ्रान्समध्यें गी दबोर ह्यांनीं १९५२ सालीं एक चित्रहीन पट केला. बोलणें चालू असतां पडदा पांढरा, आणि बोलणें थांबलें कीं काळा. अखेरीस तर चोवीस मिनिटें सलग अंधार आणि निःशब्दता. पॅरिसच्या पहिल्याच खेळाला इतका गदारोळ उठला कीं तो मध्येंच थांबला. चित्रपट ही कलाच मोडीत काढावी हा त्यांचा मनसुबा होता. त्यामागेंहि विचार आहे, नाहीं असें नाहीं. पण समोरच्या माणसाला तोंडांत मारून जागें करण्याची ती रीत मला रुचत नाहीं. गॉटहाइम ह्यांच्या धुक्यांत प्रेक्षकाविषयीं आदर आहे. 'तुम्हांला डोळे आहेत, मी थांबतों, तुम्ही पाहा,' असें तें म्हणतें. म्हणून माझ्यापुरती मीं एक कसोटी ठरविली आहे. कोरा पडदा समोर आला कीं, ह्यांत काय आहे, असें विचारावयाचें नाहीं. हा कशाचा अभाव आहे, आणि तो कोठें दिसतो आहे, असें विचारावयाचें. ह्या दोन प्रश्नांना उत्तर मिळालें तर बसावें. थोडा वेळ देऊनहि न मिळालें तर खुशाल उठून जावें. त्यांत कमीपणा नाहीं.

पण थोडा वेळ द्यावा. आणि हा लेख घरांत वाचून दाखवितांना माझी विनंति आहे ती एवढ्यापुरतीच. आजच्या घरांत वस्तूंचा तोटा नाहीं. तोटा आहे तो जागेचा, म्हणजे दोन गोष्टींमधल्या जागेचा. जेवतांना मोबाईल, झोंपतांना मोबाईल; मुलगा जरा स्वस्थ बसलेला दिसला कीं "काय रे, कांहीं काम नाहीं का?" असें विचारणारे आपणच, आणि त्याला करमत नाहीं म्हणून तक्रार करणारेहि आपणच. सुनेला तर स्वस्थ बसलेली पाहण्याची आपल्या डोळ्यांना संवयच नाहीं. आमच्या घरीं त्या रविवारपासून एक नेम सुरू झाला आहे. दुपारचीं भांडीं मागें पडलीं तरी चालतील, पण अकरा मिनिटें कोणी कोणाला हांक मारावयाची नाहीं. मागील दार उघडें ठेवावयाचें आणि ज्याला जें दिसेल तें पाहावयाचें. पहिले दोन दिवस दादा घड्याळाकडेच पाहत होते. तिसऱ्या दिवशीं त्यांनीं मला विचारलें, "त्या भिंतीवर दुपारीं ऊन सरकतें, तें तूं पाहिलें आहेस का रे?" ह्या घरांत मी जन्मलों, मीं तें पाहिलें नव्हतें.

त्या मुलाचें पुढें काय झालें, तें मला ठाऊक नाहीं. आतां तो पन्नाशीच्या घरांत असेल, कदाचित् त्याचीं मुलें शाळा-कॉलेज संपवून कामाला लागलीं असतील. तो तास पुन्हां घेण्याची संधि मिळाली असती तर काय केलें असतें, हा विचार मनांत येतो. फुली मारली नसती, हें तर खरेंच. पण 'शाबास' असेंहि लिहिलें नसतें, कारण तो कागद शाबासकीसाठीं काढलेला नव्हता. त्याला जवळ बोलावलें असतें, कागद टेबलावर पसरला असता, आणि म्हटलें असतें, "बाळ, तुझें घर कोठें होतें, तेथें बोट ठेव."